१९८३ मध्ये बैरुतमधील शांतिसैनिकांवर आत्मघाती हल्ले का झाले?

मुख्य कारण असे, की लेबनॉनच्या यादवी युद्धात शांतिसेना म्हणून आलेल्या अमेरिका आणि फ्रान्सकडे तिथले अनेक गट तटस्थ म्हणून पाहीनासे झाले होते. १८ एप्रिल १९८३ रोजी अमेरिकी दूतावासावर स्फोटकांनी भरलेली गाडी आदळवून ६३ जणांचा बळी घेण्यात आला. त्यांत दूतावासातले लेबनीज कर्मचारी बरेच होते, ही गोष्ट सहसा सांगितली जात नाही. पुढे सप्टेंबरमध्ये अमेरिकी युद्धनौकांनी लेबनॉनच्या सरकारी सैन्याच्या मदतीसाठी डोंगरावरील विरोधकांवर तोफा डागल्या आणि माझ्या मते तिथेच शांतिसेनेचे सोंग गळून पडले.

२३ ऑक्टोबरच्या रविवारी सकाळी साडेसहाच्या आत एक पिवळा ट्रक काटेरी तारा तोडून विमानतळाजवळच्या अमेरिकी मरीन (नौदलाशी संलग्न दलाच्या) सैनिकांच्या इमारतीत घुसला. पहाऱ्यावरच्या सैनिकांच्या बंदुकांत नियमानुसार गोळ्याच भरलेल्या नव्हत्या, त्यामुळे ट्रक अडवणे त्यांच्या हाती नव्हते. चार मजली इमारत जमीनदोस्त होऊन २४१ अमेरिकी सैनिक ठार झाले, तर काही मिनिटांतच दुसऱ्या स्फोटात ५८ फ्रेंच सैनिक मारले गेले.

‘इस्लामिक जिहाद’ या नावाने जबाबदारी घेतली गेली. अमेरिकेने हिजबुल्ला या लेबनॉनमधल्या शिया संघटनेशी संबंधित मंडळींना आणि इराणला दोषी धरले. इराणने आरोप नाकारला. फेब्रुवारी १९८४ मध्ये मरीन सैनिकांना बैरुतमधून माघारी बोलावण्यात आले, म्हणजे हल्लेखोरांना हवे होते तेच घडले.