शर्यतीच्या घराण्यातील मुलास

धुळे

चिरंजीवास अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या आजोबांनी आणि वडिलांनी मोटारींच्या रॅली गाजवल्या, म्हणून तूही सर्किटवर, म्हणजे शर्यतीच्या बंदिस्त धावमार्गावर, तितकाच वेगवान असणार, असे जळगावात सगळेच गृहीत धरतात आणि त्याचे दडपण येते, असे तू लिहिले आहेस. सात वेळा विश्वविजेता झालेल्या पित्याचा मुलगा मिक शूमाखर लहानपणी कार्टिंगमध्ये (छोट्या उघड्या गाड्यांच्या शर्यतींत) आईच्या माहेरच्या बेत्श या आडनावाने उतरत असे, यावरून तुझे दडपण अवाजवी नाही हे लक्षात घे.

घराण्याचा आधार मात्र नाकारू नकोस. २००५ मध्ये फॉर्म्युला वनमध्ये उतरलेला पहिला भारतीय नारायण कार्तिकेयन हाही रॅलीपटूचाच मुलगा. पण नाव पुढे फार काळ साथ देत नाही. दोन वेळचे विश्वविजेते ग्रॅहम हिल १९७५ मध्ये विमान अपघातात गेले, तेव्हा त्यांचा मुलगा डेमन पंधरा वर्षांचा होता; त्याने दुचाकीवरून कुरिअरची कामे केली, दुचाकींच्याच शर्यतींपासून सुरुवात केली आणि ३१व्या वर्षी फॉर्म्युला वनमध्ये पोहोचून १९९६ मध्ये विश्वविजेतेपद मिळवले.

माझा खरा आग्रह वेगळा आहे. तुझ्या वडिलांची विद्या रॅलीची आहे. तिथे सहचालक पुढचे वळण वाचून दाखवतो, गाडी एकटी घड्याळाशी झुंजते आणि मातीवर ती घसरवत वळवणे हे कौशल्य ठरते. डांबरी सर्किटवर तीच घसरण टायर तापवते आणि वेळ खाते. तिथे तेच वळण फेरीमागून फेरी जवळजवळ त्याच रेषेत घ्यावे लागते, तेही शेजारी दुसरी गाडी असताना. म्हणून कोइंबतूरच्या कारी स्पीडवेवर पिटमध्ये, म्हणजे गाडी थांबवून दुरुस्त करतात त्या जागी, असताना फक्त इंजिनिअरचे ऐक. वडिलांच्या दोन सूचना आणि त्याच्या दोन, अशा चार सूचना डोक्यात घेऊन कोणीही नीट ब्रेक मारू शकत नाही. हे वडिलांना आधीच, घरी, आदराने सांग. त्यांना वाईट वाटेल, पण ते समजून घेतील असा मला विश्वास आहे.

प्रत्येक सत्रानंतर वही लिही: टायरचा थंड आणि गरम दाब, गाडी वळणात शिरताना पुढून निसटते की बाहेर पडताना मागून, आणि ब्रेक कुठे मारला. नंतर ते टेलिमेट्रीशी, म्हणजे गाडीतल्या यंत्रांनी नोंदवलेल्या आकड्यांशी, ताडून पाहा. ‘गाडी बरोबर वाटत नाही’ एवढ्यावरून इंजिनिअरला काहीच बदलता येत नाही. शरीराची तयारी भुसावळच्या मे महिन्यात आपोआप होते असे समजू नकोस. मानेचा व्यायाम वेगळा करावा लागतो.

आणि पैशाचे. रावेरची केळीची बाग गहाण टाकून पूर्ण सीझन करण्याचा विचार घरात चालू असेल, तर तूच ठाम नकार दे. आधी परवडेल तेवढे कार्टिंग कर, आणि फेऱ्यांच्या वेळा सुधारल्या की ती वही घेऊन प्रायोजकांकडे जा. बोलणी करायला मी तुझ्यासोबत येईन.

तुझा,
काका