वासंतीतला काना

ताई, तुमची पोस्ट काल रात्री वाचली आणि नंतर बराच वेळ झोप लागली नाही. मुलगी नऊ दिवसांची, चैत्रातली. तुमच्या मनात वासंती आहे, घरचे म्हणतात जुनाट वाटतं, चैत्राली ठेवा. अर्थ नक्की काय ते सांगा, आणि दवाखान्याने जन्मनोंदणीचा फॉर्म उद्यापर्यंत भरून मागितलाय, असं तुम्ही लिहिलंय. गाव सोलापूर. माझं सासर सोलापूरचंच. माझी लेकही चैत्रातली, २००४ ची, आणि तिचं नाव वासंतीच आहे.

फॉर्म उद्याच द्यायचाय म्हणून ते आधी सांगते. नाव घरात पक्कं झालं नसेल तर नावाचा रकाना कोरा ठेवा. दवाखान्यातले लोक घाई करतात, पण जन्माची नोंद नावाशिवाय होते. जन्ममृत्यू नोंदणीचा १९६९ चा कायदा आहे, त्याच्या कलम १४ मध्ये ही सोय आहे. जन्माची खबर २१ दिवसांत गेली पाहिजे, नाव मात्र वर्षभरात कधीही घालता येतं, त्याला पैसे पडत नाहीत. वर्षानंतरही विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत घालता येतं. मी वकील नाही आणि नियम बदलतात, त्यामुळे तुमच्याकडच्या जन्मनोंदणी कार्यालयात एकदा विचारून घ्या. पण "आत्ता नाव दिलं नाही तर नोंदच होणार नाही" असं कुणी म्हणालं तर ते ऐकू नका.

आता अर्थ. वासंती म्हणजे वसंताची. 'वसंती' नव्हे, आणि याच गोष्टीने माझी दीड वर्षं खाल्ली, म्हणून जरा सविस्तर लिहिते. संस्कृतात एखाद्याचा, एखाद्यापासूनचा असं सांगायचं असलं की पहिलं अक्षर वाढतं. चित्रा नक्षत्रावरून चैत्र होतो. मधुपासून माधव, माधवपासून माधवी. तसं वसंतापासून वासंत आणि वासंती. आपण हळदीकुंकवाच्या पत्रिकेवर 'वासंतिक हळदीकुंकू' छापतो, चैत्रातल्या नवरात्राला वासंतिक नवरात्र म्हणतो, तिथेही हाच काना. वसंत हा ऋतू, आणि त्या 'व'ला काना दिला की त्या ऋतूची लेक. अर्थ सगळा त्या एका उभ्या रेघेत आहे.

जुनं आहे म्हणता तर आहेच, भरपूर जुनं आहे. अमरकोशात वासंती आणि माधवी ही एकाच वेलीची नावं दिली आहेत. वसंतात पांढऱ्या, मध्ये पिवळी झाक असलेल्या फुलांनी भरते ती वेल. (आपल्या सोसायट्यांच्या फाटकांवर पांढरी, मग गुलाबी, मग लाल होणारी मधुमालती असते, ती निराळी. बरेच जण दोन्हीत घोळ करतात.) भवभूतीच्या उत्तररामचरितात वासंती ही वनदेवता आहे, सीतेची सखी. तिसऱ्या अंकात राम जनस्थानात परत येतो तेव्हा सीतेला का टाकलंस, हे त्याच्या तोंडावर विचारणारी हीच. नाव ठेवलं तेव्हा मला यातलं काही ठाऊक नव्हतं, लेक अकरावीला संस्कृत घेऊन बसली तेव्हा तिनेच सांगितलं. आवाज मऊ आणि आतून इतकी ठाम, असं नाव आजच्या मुलीला जुनाट कसं होईल?

चैत्रालीबद्दल माझं मत विचाराल तर ऐकायला गोड आहे, पण शब्द अलीकडे जुळवलेला वाटतो. कुणी 'चैत्रात आली' म्हणतं, कुणी 'आलि' म्हणजे सखी असं सोडवतं. ठेवलंत तर काही चुकलं असं नाही, माझ्या नणंदेच्या नातीचं हेच आहे आणि पोर गुणाची आहे. पण घरच्यांना नवीनच हवं असेल तर माधवी सुचवून बघा. चैत्र-वैशाखाची वेदातली नावं मधु आणि माधव, त्यामुळे माधवीतही वसंतच आहे. महाभारतातल्या ययातीच्या माधवीची कथा मात्र मला वाचवत नाही, ती ज्यांना माहीत आहे ते कधी कधी या नावाला नको म्हणतात. सुरभी हे आणखी एक. लोक त्याचा अर्थ सुगंध किंवा गाय एवढाच सांगतात, पण अमरकोशात वसंताच्या नावांत 'सुरभि' सरळ दिलंय. पल्लवी, मंजिरी ही सगळी त्याच घरातली.

आणि सोलापुरात कसला आलाय वसंत, असं बाहेरचे म्हणतात ना, त्यांना चैत्रात आपल्याकडचा कडुलिंब दाखवा. पारा चाळिशीला टेकलेला असतो, रस्ते दुपारी ओस पडतात आणि त्याच उन्हात लिंबाला तांबूस कोवळी पालवी आणि बारीक पांढऱ्या फुलांचे तुरे येतात. संध्याकाळी झाडाखालून गेलं की मधासारखा वास येतो. शहराच्या पूर्व भागातल्या माझ्या तेलुगू मैत्रिणी उगादीला, म्हणजे त्यांच्या पाडव्याला, तीच फुलं कैरी, चिंच, गूळ, मीठ, तिखट यांच्यासोबत पच्चडीत घालतात, कानडी घरांत बेवु-बेल्ला म्हणजे कडुलिंब-गूळ होतं, आपण पाडव्याला पाला आणि गूळ खातो. एका गावात तीन भाषांत एकच झाड खाल्लं जातं. त्या दिवसांत जन्मलेल्या मुलीला वासंती म्हणायला आणखी काय कारण हवं?

आता माझी चूक. ती तुमची होऊ नये म्हणून एवढं लिहितेय.

बाळंतपण माहेरी झालं. तालुक्याचं गाव आहे, नाव लिहीत नाही. जन्माची नोंद जिथे जन्म झाला तिथेच होते, राहतो तिथे नाही, हे पहिल्यांदा आई होणाऱ्या पुष्कळ जणींना माहीत नसतं. फॉर्म दवाखान्यातल्या बाईंनी माझ्या वडिलांच्या हातात दिला, बाबांनी तो भरला. महिन्याने दाखला आला, मी पिशवीत घातला आणि सोलापूरला घेऊन आले. वाचला नाही. खरं सांगते, उघडून एकदाही नीट वाचला नाही. वर लॅमिनेशनही करून घेतलं.

दाखल्यावर मराठीत 'वसंती' होतं. शाळेत पहिलीला नाव घातलं ते दाखल्यावरून, जनरल रजिस्टरला वसंती. प्रगतिपुस्तकावर पाहिलं तेव्हा वाटलं बाईंची लिहिण्यातली चूक असेल, पुढे बघू. वर्गात हजेरीला वसंती म्हणायचे, पोरं बसंती करून चिडवायची, ही घरी येऊन म्हणायची, "आई, माझ्या नावात काना आहे ना गं?" आहे म्हणायचे आणि स्वयंपाकाला लागायचे. नववीत, बोर्डाच्या फॉर्मचं बोलणं सुरू झालं तेव्हा मुख्याध्यापकांनी बोलावून सांगितलं, की दाखल्याप्रमाणेच नाव जाणार, बदलायचं तर मूळ दाखला बदलून आणा, शाळा सोडल्यावर मग फार अवघड होतं.

तिथून सुरू झालं. माहेरच्या जन्मनोंदणी कार्यालयात मी दीड वर्षात सहा खेपा घातल्या. एसटीने जायला दोन तास, यायला दोन. पहिल्यांदा गेले तेव्हा सांगितलं, दुरुस्तीचा अर्ज करा. केला. दुसऱ्यांदा म्हणाले, प्रतिज्ञापत्र लागेल. तेही केलं. तिसऱ्यांदा खिडकीवर दुसरे गृहस्थ, त्यांनी दाखल्याचा इंग्रजी भाग बघितला आणि म्हणाले, "बाई, इंग्रजीत चूक कुठाय? व्ही ए एस ए एन टी आय, बरोबर तर आहे." मी म्हटलं इंग्रजीत काना दिसत नाही, मराठीत दिसतो. ते म्हणाले, मग एवढ्या एका कान्यासाठी कशाला येता? चौथ्यांदा दवाखान्याचं पत्र आणा म्हणाले, दवाखाना बंद होऊन सहा वर्षं झाली होती. पाचव्यांदा कुणीतरी सुचवलं, सरळ नाव बदला, राजपत्रात देऊन टाका. त्यावर मात्र मी ठाम नाही म्हटलं. राजपत्र नाव बदलणाऱ्यांसाठी असतं. माझ्या मुलीने नाव बदललेलंच नव्हतं. आता दुसऱ्या कुणी असा सल्ला दिला तर तुम्हीही घाईने हो म्हणू नका, कारण एकदा 'जुने नाव वसंती, नवीन नाव वासंती' असं छापून आलं की ती चूक तिचं खरं नाव म्हणून कायमची नोंदली जाते.

सहाव्या खेपेला एक तरुण मुलगी टेबलवर होती, नवीन लागलेली असावी. तिने माझी सगळी कागदं वाचली आणि विचारलं, "मूळ नोंद बघितलीत का तुम्ही?" पाच खेपांत हे मला कुणी विचारलं नव्हतं आणि मलाही सुचलं नव्हतं. ती आत गेली, अर्ध्या तासाने धुळीने माखलेला एक गठ्ठा घेऊन आली. त्या काळापासून फॉर्मचा कायदेशीर भागच पुढे नोंदवहीत बांधला जातो, हे मला तेव्हा कळलं. तिने पान उलटलं आणि बाबांचं अक्षर समोर आलं. निळी शाई, ठळक, शिरोरेघ जरा उजवीकडे चढलेली. शाळामास्तर होते ते. 'वासंती'. 'व'चा काना इतरांपेक्षा लांब ओढलेला, मुद्दाम ओढल्यासारखा.

मूळ नोंद पहिल्या दिवसापासून बरोबर होती. दाखल्याची प्रत लिहिणाऱ्याच्या हातून काना सुटला होता, एवढंच. मला दुरुस्ती करायचीच नव्हती. मला फक्त नवीन प्रत मागायची होती. त्याच दुपारी ती मिळाली.

मी तिथल्या बाकावर बसून रडले. बाबा २०१३ मध्ये गेले. ती दीड वर्षं मी घरात, नवऱ्याजवळ, आईजवळसुद्धा म्हणत आले होते, की बाबांनी घाईत फॉर्म भरला. आई एकदाच म्हणाली होती, "तुझे बाबा काना विसरणारे नव्हते." मी तिला गप्प केलं होतं. खेपांचे पैसे, बुडलेल्या रजा यांचं मला आता काही वाटत नाही, पण ते बोलणं परत घेता येत नाही. घरी आल्यावर प्रत आधी आईच्या हातात दिली. तिने चष्मा लावून बोट फिरवून वाचली.

म्हणून ज्यांच्याकडे आधीच चुकलेला दाखला आहे (तुमच्या पोस्टखाली दोघींनी तसं लिहिलंय) त्यांनी दुरुस्तीचा अर्ज करायच्या आधी मूळ नोंद शोधून तिचा उतारा मागा. कलम १७ प्रमाणे शुल्क भरून तो मागता येतो. नोंदीतच चूक निघाली तर कलम १५ ची दुरुस्ती, त्यात मूळ लिहिलेलं खोडत नाहीत, बाजूला शेरा मारून दुरुस्त करतात. आधी कुठलं दुखणं आहे ते बघा. मी उलटं केलं.

तुमच्या बाबतीत तर जास्त जपायला हवं. १ ऑक्टोबर २०२३ पासून किंवा नंतर जन्मलेल्या मुलांना शाळाप्रवेश, वाहन परवाना, मतदारयादी, विवाहनोंदणी अशा कामांना जन्मदाखला हाच पुरावा धरायचं ठरलंय. शिवाय १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांचं नाव आपल्या राज्यात मुलाचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव अशा क्रमाने लागतं. म्हणजे तुमचंही नाव तिच्या नावाला कायमचं जोडलेलं राहणार, तेव्हा आधारवर असेल तसंच अक्षर न् अक्षर लिहा. आता बहुतेक ठिकाणी संगणकावर नाव टाइप होतं, कधी इंग्रजीवरून मराठी आपोआप उमटतं, आणि संगणकाला 'वसंती' की 'वासंती' ते कळत नाही. सोलापुरात आणखी एक लक्षात ठेवा. तेलुगू-कानडी घरांत 'त'साठी टीनंतर एच लिहायची पद्धत आहे, ती त्यांच्यासाठी बरोबरच आहे. पण टाइप करणाऱ्याच्या हाताला ती सवय असली तर तुमच्या मुलीची 'वासंथी' होईल. स्पेलिंग कागदावर मोठ्या अक्षरांत लिहून द्या, तोंडी सांगू नका. भरलेल्या फॉर्मचा फोटो काढून ठेवा. दाखला हातात आला की खिडकीवरून हलायच्या आधी मराठी आणि इंग्रजी दोन्ही वाचा, दोन-तीन प्रती जास्तीच्या घ्या, आणि लॅमिनेशन नको.

बारसं बाराव्या दिवशी करत असाल तर अजून तीन दिवस हातात आहेत आणि २१ दिवसांची मुदतही संपत नाही. दवाखान्याला सांगा, नाव बारशानंतर देतो. बारसं मात्र सकाळी नऊच्या आत उरका, आपल्या उन्हात दुपारी बाळाला बायकांच्या गर्दीत ठेवू नका. पाळण्याजवळ कूलर थेट लावू नका, आणि येणाऱ्यांना कैरीचं पन्हं द्या, चैत्रच आहे.

सासूबाईंना जुनाट वाटत असेल तर कानात नाव सांगायच्या आधी त्यांनाच पाळण्याशी बसवून दोन-चारदा हाक मारायला सांगा, वासंती, वासू, वासंतिके, जे येईल ते. आमच्या सासूबाईंनाही आधी पटलं नव्हतं. आठ दिवसांत त्या स्वतःच शेजाऱ्यांना अर्थ समजावून सांगत होत्या. काय ठरलं ते इथे कळवा, आणि फॉर्मचा फोटो काढायला विसरू नका.