वडील ज्या वरच्या पदावर होते, त्याच पदावर अनुकंपा नियुक्ती (सेवेत असताना कर्मचारी वारल्यास त्याच्या घरातल्या एकाला मिळणारी नोकरी) मिळते का?

नाही. वडील अधिकारी होते आणि तुम्ही इंजिनिअर आहात, तरीही महाराष्ट्र शासनात अनुकंपावर फक्त गट क किंवा गट ड या खालच्या दोन गटांमधलं पद मिळतं, तेही तुमच्या शिक्षणाप्रमाणे. उमेश कुमार नागपाल विरुद्ध हरियाणा राज्य या 1994 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने कारण स्पष्ट केलंय: कर्ता माणूस गेल्यावर घर अचानक उघड्यावर पडू नये एवढाच हेतू आहे, पद वारशाने मिळत नाही. अर्ज मात्र लांबवू नका. मुदत असते आणि वडिलांच्या कार्यालयातल्या आस्थापना शाखेतून (कर्मचाऱ्यांच्या नोंदी पाहणारी शाखा) पोच घ्याच. प्रतीक्षायादीत नाव आलं तरी जागा रिक्त होईपर्यंत थांबावं लागतं, त्यामुळे कुटुंब निवृत्तिवेतन आणि उपदानाचे (ग्रॅच्युइटीचे) कागद आधी पुढे सरकवा. केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांचे नियम वेगळे आहेत.