वाचकांचे प्रश्न : सिनेगॉग नसलेला रब्बी

प्रश्न : माझी मुलगी अमेरिकेत न्यू जर्सी राज्यात राहते. तिच्या शेजारचे गृहस्थ रब्बी आहेत, परंतु त्यांच्याकडे कोणतेही सिनेगॉग, म्हणजे ज्यू प्रार्थनालय, नाही. ते ज्यू मुलांच्या शाळेत शिकवतात. आमच्याकडे बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले मराठी बोलणारे ज्यू, शेजारी होते. त्यांच्या प्रार्थनालयात हझान असत, रब्बी असल्याचे मात्र कधी ऐकले नाही. रब्बी म्हणजे ज्यूंचे भटजी ही आमची समजूत चुकीची आहे काय? आणि केवळ शिक्षणक्षेत्रात राहून रब्बीचा चरितार्थ चालतो काय?
— एक वाचक, अलिबाग

उत्तर : ज्यू परंपरेत पुरोहित होते, परंतु ते रब्बी नव्हेत. जेरुसलेमच्या मंदिरातील विधी करणारे कोहेन जन्माने ठरत, आणि इ. स. 70 मध्ये रोमन सैन्याने ते मंदिर उद्ध्वस्त केल्यावर त्यांचे मुख्य कामच संपले. रब्बीपद मात्र अध्ययनाने मिळवावे लागते. सामुदायिक प्रार्थनेसाठी दहा प्रौढांची गणपूर्ती लागते, सनातनी पंथात ते दहाही पुरुष असावे लागतात; परंतु त्यांत रब्बी असलाच पाहिजे असा नियम नाही. प्रार्थना सांगायला कोणीही जाणकार चालतो, आणि तुमच्याकडचे हझान तेच काम करीत. धर्मशास्त्राचा निर्णय देणे आणि शिकवणे ही रब्बीची मूळ कामे. दर शनिवारी प्रवचन देणारा, आजाऱ्यांच्या भेटीला जाणारा आणि सिनेगॉगच्या कार्यकारी मंडळाला उत्तरदायी असणारा रब्बी हे रूप मुख्यतः एकोणिसाव्या शतकात जर्मनी आणि अमेरिकेत ठळक झाले. तेव्हा तुमच्या मुलीचे शेजारी आडवाटेने गेलेले नाहीत. वाट जुनी आहे, तीवर ते चालत आहेत.

ती किती जुनी आहे हे ताल्मूदच्या, म्हणजे ज्यू धर्मशास्त्र आणि त्यावरील चर्चा यांच्या प्राचीन संग्रहाच्या, ‘बावा बात्रा’ या ग्रंथभागात दिसते. येहोशुआ बेन गमला या प्रमुख पुरोहिताने गावोगावी शिक्षक नेमावेत आणि सहा-सात वर्षांच्या मुलांना त्यांच्याकडे पाठवावे अशी व्यवस्था केल्याची नोंद तेथे आहे. एवढ्यावर न थांबता पटसंख्येचाही विचार केला आहे : 25 मुलांमागे एक शिक्षक, मुले 40 झाली तर गावाच्या खर्चाने त्याला मदतनीस, आणि 50 झाली तर दोन शिक्षक. आपल्याकडच्या कित्येक वर्गांची आजची पटसंख्या आठवली, तर या मंडळींचे व्यवहारज्ञान मान्य करावे लागते.

चरितार्थाचा प्रश्न मात्र त्यांना सोपा गेला नाही. तोरेचे, म्हणजे ज्यूंच्या मूळ धर्मग्रंथाचे, ज्ञान हे पोट भरण्याचे अवजार करू नये अशी जुनी शिकवण होती, आणि बाराव्या शतकातील ज्यू धर्मपंडित मायमोनिडीस यांनी, जे स्वतः वैद्यकीवर जगत होते, धर्मज्ञानावर उपजीविका करणाऱ्यांवर कडक टीका केली. यातून मार्ग असा काढला गेला की शिक्षकाला ज्ञानाचे मोल द्यायचे नाही. जो वेळ त्याने दुसऱ्या कामधंद्यात घालवून पैसे मिळवले असते, त्या वेळेची भरपाई द्यायची. लहान मुलांच्या बाबतीत त्यांना सांभाळण्याचा मोबदलाही त्यात धरला गेला. कोणी याला पळवाट म्हणेल, परंतु शिक्षकाचा वेळ फुकट नसतो हे स्पष्ट शब्दांत मांडणारा हा युक्तिवाद मला आजही पटण्यासारखा वाटतो. आज अर्थातच करार, वेतन आणि निवृत्तिवेतन यांची व्यवस्था असते. अमेरिकेच्या आयकर कायद्यात धर्मोपदेशकांच्या घरभत्त्याला जी सवलत आहे, तिचा लाभ काही अटी पूर्ण केल्यास शाळेत काम करणाऱ्या रब्बीलाही मिळू शकतो. चरितार्थ चालतो, असे थोडक्यात म्हणता येईल.

नोकरीचे प्रकारही अनेक आहेत. पूर्णवेळ ज्यू शाळांत दिवसाचा काही भाग हिब्रू, तोरा आणि ताल्मूद यांना, तर उरलेला गणित, विज्ञान, इंग्रजी यांना दिलेला असतो; तेथे वर्गशिक्षकापासून मुख्याध्यापकापर्यंत चढता येते. सरकारी शाळांत जाणाऱ्या ज्यू मुलांसाठी रविवारचे किंवा संध्याकाळचे वर्ग असतात, त्यांची देखरेख पुष्कळदा रब्बीकडे असते. विद्यापीठांच्या आवारातील ज्यू विद्यार्थ्यांसाठी ‘हिलेल’ ही संस्था 1923 मध्ये इलिनॉय विद्यापीठात सुरू झाली, तीही एका रब्बीच्याच हातून.

या क्षेत्रात आयुष्य कसे घडते, याचे उदाहरण म्हणून मॉर्डेकाय कॅप्लन यांच्याकडे पाहावे. 1881 मध्ये लिथुआनियात जन्मलेले आणि लहानपणी न्यूयॉर्कला आलेले कॅप्लन ओळखले जातात ते ज्यू धर्मातील ‘रिकन्स्ट्रक्शनिस्ट’ (धर्म ही काळाबरोबर बदलत जाणारी संस्कृती मानणाऱ्या) विचारधारेचे प्रवर्तक म्हणून. त्यांची दीर्घकाळची नोकरी मात्र ज्यू थिऑलॉजिकल सेमिनरी या रब्बी घडवणाऱ्या संस्थेतील होती. 1909 मध्ये तेथील शिक्षक-प्रशिक्षण विभागाची सूत्रे त्यांच्याकडे आली, आणि पुढे 1963 पर्यंत ते त्या संस्थेत शिकवत राहिले. 1945 मध्ये सनातनी रब्बींच्या एका संघटनेने त्यांच्या नव्या प्रार्थनापुस्तकामुळे त्यांना बहिष्कृत केले, तरी त्यांची अध्यापनाची जागा गेली नाही. सिनेगॉगच्या व्यासपीठावरील रब्बीला श्रोत्यांचा कल सांभाळावा लागतो. शिक्षक घडवणाऱ्या रब्बीला जरा मोकळेपणाने विचार करता येतो, असे मला या उदाहरणावरून वाटते.

आता तुमच्या शेजाऱ्यांविषयी. बेने इस्राएल समाजाने स्वतःचे रब्बी नसताना शनिवार, सुंता आणि खाण्यापिण्याचे निर्बंध पाळले. तेल गाळणारे हे लोक शनिवारी काम बंद ठेवत, हे त्यांना मिळालेल्या ‘शनवार तेली’ या नावातच नोंदले गेले आहे. त्यांना ग्रंथांचे शिक्षण मिळाले ते शिक्षकांकडून. एकोणिसाव्या शतकात कोचीनहून आलेले शेलोमो सालेम शुराबी यांचे नाव त्यांत आदराने घेतले जाते. ख्रिस्ती मिशनरी जॉन विल्सन यांनी 1832 मध्ये हिब्रूचे व्याकरण मराठीत छापले ते याच समाजासाठी. त्यामागचा हेतू धर्मप्रसाराचा होता, तरी समाजाने भाषा घेतली आणि धर्म आपलाच ठेवला. पुढे जोसेफ इझिकिएल राजपूरकर यांनी हिब्रू प्रार्थना मराठीत आणल्या, आणि हाईम सॅम्युएल केहीमकर यांनी 1875 मध्ये मुंबईत इस्राएली मुलांसाठी शाळा काढली. ती आज माझगावला सर एली कदूरी यांच्या नावाने चालते. यांपैकी कोणाकडे रब्बीपदाचे प्रमाणपत्र नव्हते, काम मात्र त्यांनी तेच केले.

प्रश्न : मी सदतीस वर्षे शाळेत शिकवले. धर्मग्रंथांचा अभ्यास झाला म्हणजे माणूस चांगला शिक्षक होतोच असे नाही. या रब्बींना बी.एड.सारखे काही करावे लागते का?
— निवृत्त शिक्षिका, पुणे

उत्तर : तुमची शंका रास्त आहे. रब्बीपदाच्या परंपरागत परीक्षेत मुख्य भर असतो तो योसेफ कारो यांच्या ‘शुल्खान आरूख’ या धर्मनियमांच्या संहितेतील मांस आणि दूध वेगळे ठेवणे, मांसाला मीठ लावून रक्त काढणे अशा प्रकरणांवर. दहा वर्षांचा मुलगा खिडकीबाहेर पाहत असेल तर काय करावे, याचे उत्तर त्यात नाही. म्हणून न्यूयॉर्कच्या येशिवा युनिव्हर्सिटीने आणि ज्यू थिऑलॉजिकल सेमिनरीने शिक्षणशास्त्राचे स्वतंत्र विभाग चालवले आहेत, आणि मुख्याध्यापक होऊ पाहणारे अनेक रब्बी तेथून पदवी घेतात.

पद्धतीचा एक नमुना सांगतो. ताल्मूदची ओळख करून देताना बऱ्याच शाळांत ‘बावा मेत्सिया’चे दुसरे प्रकरण घेतात, कारण त्याचा विषय मुलांच्या खिशातला आहे : रस्त्यात सापडलेली वस्तू कोणाची? विखुरलेली नाणी सापडली तर ती सापडणाऱ्याची, पण तीच नाणी थैलीत असली तर दवंडी पिटून मालक शोधायचा. माशांची माळ सापडली तर ठेवून घ्यायची. असे का? मुले दोघादोघांच्या जोड्या करून मोठ्याने वाचतात आणि भांडतात : वस्तूवर ओळखीची खूण आहे का, मालकाने आशा सोडली असेल का, आणि आपली वस्तू हरवली हेच त्याला अजून कळले नसेल तर? वर्गात गोंगाट होतो. चांगला शिक्षक तो थांबवत नाही, एखाद्या जोडीजवळ जाऊन तिच्या उत्तराला अडचणीत टाकणारा पुढचा प्रश्न विचारतो.

प्रश्न : स्त्रियांना या पेशात प्रवेश आहे का?
— एक वाचक, नाशिक

उत्तर : पंथानुसार उत्तर बदलते. जर्मनीत 1935 मध्ये रेगिना योनास रब्बी झाल्या. बर्लिनमध्ये त्या प्रामुख्याने मुलींना धर्मशिक्षण देत, आणि 1944 मध्ये आउशवित्स येथे त्यांची हत्या झाली. अमेरिकेतील सुधारणावादी पंथाने 1972 मध्ये, तर कॉन्झर्व्हेटिव्ह, म्हणजे सुधारणावादी आणि सनातनी यांच्या मधल्या, पंथाने 1985 मध्ये पहिल्या स्त्रीला हे पद दिले. सनातनी पंथाचा मुख्य प्रवाह ते अजूनही देत नाही. त्यांच्या मुलींच्या शाळा मात्र मोठ्या प्रमाणावर स्त्रियाच चालवतात, आणि काही आधुनिक सनातनी संस्थांत स्त्रिया ताल्मूदही शिकवतात.