गायन नसलेले, एकट्या गिटारवरचे बोसा नोव्हा एवढे का भावते?
एकल गिटारवरचे बोसा नोव्हा, म्हणजे सांबा या ब्राझिली नृत्यसंगीतातून आलेली निवांत शैली, भावते ते मुख्यतः यासाठी, की एकच वादक ठेका, स्वरमेळ (एकत्र वाजणारे स्वर, कॉर्ड) आणि चाल एकाच वेळी सांभाळतो आणि तरीही त्यात कुठे दाटी होत नाही. १९५०च्या दशकाच्या अखेरीस रिओ दि जानेरोमध्ये गायक-गिटारवादक जोआओ जिल्बर्तो यांनी रूढ केलेल्या वादनपद्धतीत अंगठा खर्जाच्या तारांवर सांबातल्या मोठ्या ढोलासारखा संथ, समान ठोका धरतो, तर उरलेली बोटे त्या ठोक्याच्या किंचित आधी किंवा नंतर स्वरमेळ छेडतात. गायक नसला की ही गुंफण उघडी ऐकू येते, तारेवरून सरकणाऱ्या बोटाच्या घसटीसकट. ऐकायचे तर ब्राझिली गिटारवादक लुईझ बोन्फा यांच्या १९५९मधील एकल ध्वनिमुद्रणांपासून सुरुवात करावी. दुसरे ब्राझिली गिटारवादक बाडेन पॉवेल यांचे वादन मात्र अधिक जोरकस, आफ्रो-ब्राझिली लयींकडे झुकणारे आहे. तिथे हा निवांतपणा शोधू नये.