घरी बोलते, अंगणवाडीत गप्प राहते : नव्या सेविकेस पत्र

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद.

तुझे पत्र परवा मिळाले. रुजू होऊन जेमतेम दीड महिना झाला असताना तू नोंदवह्यांबद्दल किंवा मोबाइलवर भरायच्या माहितीबद्दल एक ओळही न लिहिता सगळे पत्र साडेतीन वर्षांच्या एका मुलीवर लिहिलेस, याचा मला फार आनंद झाला. ती अंगणवाडीत बोलत नाही, घरी मात्र तिचे तोंड मिटत नाही असे तिची आजी सांगते. आणि जे दोन-चार शब्द तुझ्या कानावर आले त्यांत ती केळीला 'केयी' आणि डोळ्याला 'डोया' म्हणाली, तेव्हा 'ळ उच्चारता येत नाही' अशी नोंद करावी का, असे तू विचारले आहेस.

तशी नोंद करू नकोस. अहिराणीत 'ळ'च्या जागी 'य' येतो, हे तू जळगाव शहरात वाढल्यामुळे तुझ्या चटकन लक्षात आले नसेल. तिची आजी, आई, शेजारच्या काकू, सगळ्या 'डोया'च म्हणतात आणि तिने तो शब्द त्यांच्याकडून अगदी जसाच्या तसा उचलला आहे. २०११च्या जनगणनेतही खान्देशी, जिच्यात अहिराणी येते, ही मराठीहून वेगळी भाषा म्हणून मोजलेली आहे. तिच्या बोलण्यात दोष नाही. प्रश्न आहे तो एवढाच की, जिच्याशी बोलावेसे वाटेल असे माणूस तिला अंगणवाडीत अजून मिळालेले नाही.

हे मी अधिकाराने सांगते, कारण नोकरीच्या सुरुवातीला, मुख्यसेविका होण्याच्या कितीतरी आधी, मी स्वतः एका मुलाला असेच गप्प केले होते. अमळनेर तालुक्यातल्या एका गावी मी सेविका होते. एक चार वर्षांचा मुलगा सकाळी येता येता सांगे, "मनी माय वावरमा गई," आणि मी दर वेळी त्याला थांबवून म्हणे, "वावरमा नाही, शेतात म्हण." त्याची आई कापूस वेचायला पहाटेच निघून गेली आहे, हे त्याला मला सांगायचे होते, मी ऐकत होते फक्त त्याची विभक्ती. पंधरा दिवसांत तो माझ्याशी बोलेनासा झाला. पुढे एकदा आमची मदतनीस उंबऱ्याशी सूप घेऊन तांदूळ निवडत बसली होती. तो तिच्या शेजारी जाऊन बसला, सुपातला एक खडा उचलून तिच्या हातावर ठेवला आणि हळूच म्हणाला, "आमनी बकरीले दोन पिल्लं व्हयनात." तिने हात थांबवले, त्याच्याकडे वळली आणि विचारले, "कोनता रंगना शेतस रे?" मग एक कसे काळे आहे, दुसऱ्याच्या कपाळावर कसा ठिपका आहे, आजीने त्यांना कुठे बांधले आहे, हे तो सांगतच राहिला. तांदूळ निवडून होईपर्यंत ती दोघे बोलत होती. मी आत फळ्याजवळ उभी राहून ते ऐकले आणि मला स्वतःची लाज वाटली.

त्या बाईने प्रशिक्षण घेतलेले नव्हते, पण लहान मुलाची भाषा कशी वाढते याचे मर्म तिच्या त्या एका प्रश्नात होते. मूल काहीतरी पुढे करते, समोरचे माणूस ते घेते, त्यात थोडी भर घालून परत देते, आणि मग पुन्हा मुलाची पाळी येते. याची सुरुवात शब्दांच्या फार आधी होते. आपल्याकडे आजी पाय लांब करून बाळाला पायांवर घेते आणि न्हाऊ घालते, तेव्हा नीट पाहा. ती तेल चोळता चोळता काहीतरी विचारते, मग क्षणभर थांबते, बाळ 'आऽऽ' करते, आणि ती म्हणते, "हो का वं माय? मग काय झालं?" दोन-तीन महिन्यांच्या बाळाला त्यातला एकही शब्द समजत नाही, पण बोलण्याला पाळी असते आणि माझ्या आवाजाला कुणीतरी उत्तर देते, हे त्याला कळू लागते. गृहभेटीत अशी आजी दिसली तर 'बाळाशी बोला' असा उपदेश तिला करू नकोस. उलट ती जे करते आहे ते किती मोलाचे आहे, हे तिच्या सुनेच्या देखत सांग.

हे उत्तर मिळाले नाही तर काय होते, हे अमेरिकेतील मानसशास्त्रज्ञ एडवर्ड ट्रॉनिक यांनी १९७०च्या दशकात दाखवून दिले. आईने बाळाशी नेहमीसारखे खेळायचे आणि मग थोडा वेळ चेहरा अगदी निर्विकार ठेवायचा, एवढाच तो प्रयोग होता. बाळ आधी हसून पाहते, हात पुढे करते, आवाज काढते, आणि तरीही चेहरा हलला नाही की तोंड फिरवून रडू लागते. मोबाइलमध्ये डोळे घातलेल्या माणसाच्या मांडीवरचे बाळ दिसले की मला हा प्रयोग आठवतो.

आणखी एक गोष्ट तुला मुद्दाम सांगते, कारण ती आपल्या कानाला चटकन समजते. १९८४ साली जॅनेट वर्कर आणि रिचर्ड टीस यांनी कॅनडात दाखवले की, इंग्रजी बोलणाऱ्या घरांतल्या सहा ते आठ महिन्यांच्या बाळांना हिंदीतला 'त' आणि 'ट' यांतला फरक ऐकू येतो, पण वर्षाची होता होता तीच बाळे तो फरक ओळखेनाशी होतात, कारण त्यांच्या घरात त्याचा उपयोग नसतो. म्हणजे पहिला वाढदिवस येईपर्यंत कान घरच्या भाषेला लागलेला असतो. तुझ्या त्या मुलीचा कान अहिराणीला लागलेला आहे, आणि तोच तिचा पाया आहे. पॅट्रिशिया कूल यांनी २००३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात नऊ महिन्यांच्या अमेरिकी बाळांना चिनी भाषा ऐकवली होती. ज्यांच्यासमोर माणूस बसून खेळत-बोलत होते, त्या बाळांनी त्या भाषेचे ध्वनी बारा बैठकांत उचलले. तीच माणसे पडद्यावर पाहणाऱ्या बाळांनी काहीच उचलले नाही. 'मोबाइलवर बडबडगीते लावली की पोरगं लवकर बोलतं' असे कुणी आई म्हणाली, तर तिला हे समजेल अशा शब्दांत सांग. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०१९ मध्ये वर्षाच्या आतल्या बाळाला पडदा मुळीच नको आणि दोन ते चार वर्षांच्या मुलांना दिवसाला एक तासापेक्षा अधिक नको, असे सांगितले आहे. घरात जाब विचारल्यासारखे बोलू नकोस. दिवसभर निंदणी करून आलेल्या बाईला चूल पेटवताना मूल शांत बसायला हवे असते. भाकरी थापताना त्याला पिठाचा एक गोळा द्या आणि तो काय करतो ते त्यालाच विचारत राहा, एवढे सुचवलेस तरी पुष्कळ झाले.

प्रमाण मराठी तुझ्या त्या मुलीला यायला हवीच, याबद्दल माझ्या मनात शंका नाही. पण चुका दुरुस्त करून ती येत नाही. मुलगी म्हणाली, "माले केयी दे," तर केळी तिच्या हातात देत तू म्हण, "तुला केळी हवी? घे, ही पिकलेली घे." तिचा शब्द खोटा ठरला नाही, तुझा शब्द तिच्या कानावर पडला, आणि केळी तर मिळालीच. राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानेही २०२० मध्ये घरच्या भाषेतून शिक्षणाचा आग्रह धरला आहे. त्याच्या कितीतरी आधी ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी डहाणूजवळच्या कोसबाडला वारली आदिवासी मुलांच्या अंगणात जाऊन, त्यांच्याच परिसरातल्या वस्तू घेऊन हे काम उभे केले होते.

तू ओझरता उल्लेख केलेल्या सालदाराच्या, म्हणजे वर्षाच्या बोलीवर शेतात राबणाऱ्या गड्याच्या, मुलाचे काम मात्र अवघड आहे. तो पावरा आदिवासी कुटुंबातला, घरी पावरी बोलणारा, आणि तुला किंवा मदतनिसांना ती येत नाही. त्याच्या आईला एखाद्या सकाळी अर्धा तास बसवून घे आणि पाणी, भूक, शू, दुखते, ये, आई हे शब्द तिच्याकडून शिकून वहीत लिही. तुझा उच्चार चुकला की तो हसेल, आणि ते हसणे ही तुमच्या ओळखीची सुरुवात असेल. त्याला एखाद्या बडबड्या मुलाशेजारी वाळूत बसव. या वयाची मुले आधी शेजारी बसून आपापले खेळतात, मग एकमेकांचे पाहून तसेच करतात, आणि खूप नंतर 'तू दुकानदार, मी गिऱ्हाईक' असे ठरवून खेळतात. तीन वर्षांच्या मुलाने खेळणे हिसकावले तर तो दुष्टपणा नाही. दुसऱ्याच्या मनात आपल्याहून वेगळे काही असू शकते, हे साधारण चौथ्या वर्षाच्या आसपास स्पष्ट होऊ लागते. तोवर "माफी माग" म्हणण्यापेक्षा "बघ, त्याच्या डोळ्यांत पाणी आलं" एवढेच दाखव.

एका बाबतीत मात्र थांबू नकोस. एक वर्षाचे होऊनही बाळ बोट दाखवत नसेल, बडबडत नसेल, दोन वर्षे होऊनही घरच्या कोणत्याच भाषेत दोन शब्द जोडत नसेल, किंवा येत असलेले शब्द हरवत असतील, तर 'बापही उशिराच बोलला होता' हे ऐकून गप्प बसू नकोस. कान वाहतो का, मागून हाक मारल्यावर वळते का, हे पाहा आणि राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक तपासणीला येईल तेव्हा त्या मुलाला आधी पुढे कर. पथकाची फेरी लांब असेल तर त्या आईबरोबर तू स्वतः दवाखान्यात जा. तुझ्या या मुलीला मात्र त्याची गरज दिसत नाही, कारण ती घरी बोलते.

उद्यापासून तिला ओळीत बसवून नाव विचारू नकोस. मदतनिसांजवळ शेंगा सोलायला बसव, तूही तिथेच बस, आणि हातातले काम चालू ठेवून वाट पाहा. तिच्या घरी काय पाळले आहे, हे आजीला विचारून ठेव. तुझी आई माझ्या बीटमध्ये, म्हणजे माझ्या देखरेखीखालच्या अंगणवाड्यांत, होती, तेव्हा ती हे सगळे कुणी न सांगता करत असे, तिलाही विचार.

आखाजीला, म्हणजे अक्षय तृतीयेला, मी गावी येणार आहे. सुट्टी नसेल त्या दिवशी अंगणवाडीत येईन, पण मागे बसेन. मुलांना माझी ओळख 'मॅडम' म्हणून करून देऊ नकोस.

तुझी,
मावशी