माझे वडील सुतार आहेत म्हणून माझं ज्याच्यावर प्रेम आहे त्याच्या घरचे लग्नाला नाही म्हणतात, त्यांना कसं पटवू?

ताई, घरचे नाही म्हणतात ते सोडा. तो स्वतः म्हणतो ना की 'बाबा सुतार आहेत असं नको सांगू, फर्निचरचा बिझनेस आहे सांग', प्रॉब्लेम तिथं आहे.

माझे बाबा मोटारी भरतात, म्हणजे पाण्याच्या जळलेल्या मोटारींचं वायंडिंग करतात, वरुडकडं. इकडं संत्रा सगळा बोअरवर, एप्रिल-मेमध्ये व्होल्टेज पडून मोटार जळली की आंबिया बहाराची, म्हणजे झाडावरच्या नव्या फळांची, गळ सुरू होते, त्यामुळं लोक अर्ध्या रात्री दार वाजवतात अन् बाबा उठतात, जळलेली तार काढून नवीन ओवत बसतात, सकाळी मोटार परत बोअरमध्ये उतरते. माझं ज्याच्यावर प्रेम होतं त्याच्या घरची बाग पण बाबांनी भरलेल्या मोटारीवरच जगली. त्याचे वडील प्राध्यापक. बाबांना मिस्त्री म्हणायचे, त्यात काही नाही, बाबा मिस्त्रीच आहेत. पण सोयरिकीचं निघाल्यावर निरोप आला की साक्षगंधाच्या आधी दुकानाचा बोर्ड काढा, अन् पाहुणे असेपर्यंत दुकान बंद ठेवा. जात एकच होती बरं, हुंड्याचंही नाव नव्हतं, फक्त काळे हात नको होते. अन् तो मला म्हणे, दोन दिवसाचा तर प्रश्न आहे.

मी नाही म्हटलं. माझी मोठी आई आजही ऐकवते की एवढ्याशा बोर्डापायी पोरीनं हातचं स्थळ घालवलं. मोठी आई, त्याच दुकानातून माझी फी गेली अन् तुझ्या पोराची पण गेली. ते दुकान झाकून मी लग्न केलं असतं तर बाबा लेकीला भेटायला त्या घरी कोणत्या तोंडानं आले असते?

पटवायचं म्हणाल तर त्याच्या आईबाबांना तुम्ही पटवूच नका, ते त्याचं काम. 'मुलीचे वडील सुतार आहेत' हे त्यानं घरी तुमच्यासमोर बोलावं. बोलला तर पुढं जा, मग घरचे अडले तरी १९५४ चा स्पेशल मॅरेज ॲक्ट आहे, म्हणजे कोर्ट मॅरेज, मुलगी १८ अन् मुलगा २१ पूर्ण पाहिजे, नोटिशीनंतर ३० दिवस थांबावं लागतं. ती नोटीस ऑफिसात लागते, म्हणजे घरी कळणारच धरून चाला.

आता सगळे शिकलेले लोक असे नसतात, अन् तो नुसता घाबरून बोलला असेल तर एकदा नीट विचारा. तुमची नोकरी नसेल तर आधी ती बघा. पण बायोडाट्यात वडिलांच्या कामापुढं सुतारच लिहा.